लाईनवर खबर सांगत नाहीत

वनरक्षक म्हणून नोकरीला लागले तेव्हा मला एका गोष्टीचा फार गर्व होता. माझं डोकं थंड आहे, असं मी कोणी विचारलं नाही तरी लोकांना सांगायचे. तिरोड्याला आमच्या वस्तीतल्या विहारात आई मला लहानपणापासून घेऊन बसायची, डोळे मिटून श्वासाकडे बघायला लावायची. बाकीची पोरं चुळबुळ करायची आणि मी मात्र दगडासारखी बसून राहायचे, म्हणून सगळ्या बायका माझं कौतुक करायच्या. हेच कौतुक घेऊन मी जंगलात गेले. आईला वाटलं पोरगी वाघाला घाबरेल. मला वाटलं, मी कशालाच घाबरणार नाही. दोघींचंही चुकलं.

लग्न झालं होतं, टिकलं नाही, त्याबद्दल इथे आणखी काही लिहायचं नाही. सांगायचं एवढंच की जंगलातल्या कुटीत राहायला मी एकटीच तयार झाले, आणि साहेबांना त्याचंही कौतुक वाटलं. कुटी म्हणजे एक खोली, भोवती जनावरांसाठी खोदलेला चर, छपरावर सौरदिवा. केशोरीकडे जाणारी बस जिथे थांबते तिथून आत बारा किलोमीटर. मोबाईल तिथे घड्याळ म्हणून वापरायचा. बाहेरच्या जगाशी संबंध तो वॉकीटॉकीचा, सकाळी एकदा आणि दुपारी चारला एकदा. आपण कुटीचं नाव सांगायचं, सगळं ठीक आहे म्हणायचं, पलीकडून कंट्रोलवाला ठीक म्हणायचा. काही दिवशी माझं दिवसभरातलं बोलणं तेवढंच असायचं.

पण हिवाळ्यात जनावरांच्या गणतीचे आठ दिवस वेगळे. तेव्हा कुटीत दोघं असत, मी आणि आमचे वनमजूर. त्यांना मी मामाजी म्हणायचे. साठीला आलेला गोंड माणूस, अंगाने वाळलेला, बोलणं मोजकं. त्यांचं गाव जंगलाच्या काठावरच होतं. लिहिता येत नव्हतं, पण जमिनीवर जे उमटलेलं असेल ते सगळं वाचता यायचं. चितळ गेलं की भेकर, कधी गेलं, पळत गेलं की रमत, हे कळायला त्यांना वाकावंही लागत नसे. पहिल्या वर्षी मी त्यांना पुस्तकातलं ज्ञान ऐकवलं होतं. त्यांनी शांतपणे ऐकून घेतलं आणि मग मी ज्यावर उभी होते तो ठसा बाजूला होऊन बघायला सांगितला. बिबट्याचा होता. त्यानंतर मी पुस्तक बॅगेतच ठेवलं.

लाईन म्हणजे जंगलातून सरळ आखलेली दोन किलोमीटरची वाट. झाडांवर रंगाचे पट्टे मारलेले असतात, त्यांची ओळ न सोडता चालायचं. उजाडताच सुरुवात, अजिबात न बोलता. जनावर दिसलं की किती, किती लांब, कोणत्या दिशेला, हे लिहायचं. मामाजी पुढे, मी मागे. त्यांना काही दिसलं की काठी मांडीवर दोनदा हलकी आपटायचे. लाईन झाली की पुन्हा नाल्याच्या कडेने ठसे आणि विष्ठा शोधत सात-आठ किलोमीटर. संध्याकाळी फॉर्म. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच.

ऐकायला सोपं वाटतं. पाय दुखतात ते दोन दिवसांत सवयीचं होतं. डोळ्यांचं तसं नाही. तिसऱ्या दिवशी जंगल भिंतीसारखं होतं. ऐन, धावडा, साग, पुन्हा ऐन. समोर वीस सांबरं उभी असली तरी मन म्हणतं की झाडं आहेत, चल. आणि एकदा मन घरी गेलं, की ते तिथलं सगळं काढून बसतं. कोण काय बोललं, आपण तेव्हा काय बोलायला हवं होतं. मग पाय वाटेवर आणि माणूस दुसरीकडे. जंगलात हे धोक्याचं आहे, कारण अस्वलाला आपल्या घरच्या भांडणाशी काही देणंघेणं नसतं.

यावर मी माझे उपाय केले होते. पुढच्या पट्ट्यापलीकडचा विचार करायचा नाही. नाल्यावर पोचल्याशिवाय पाणी प्यायचं नाही, आणि पोचल्यावर तहान नसली तरी प्यायचं. कुटीवर आलं की आधी पाय धुवायचे, मग केसांना तेल लावून वेणी घालायची, तीही घट्ट, कोणी बघायला नसलं तरी. वेणी घातली नाही त्या दिवशी माझा पारा चढलेला असायचा, हे मला मामाजींनीच दाखवून दिलं. श्वासाचं म्हणाल तर तो पहिल्या चढावरच मोजण्यापलीकडे जायचा. आईला मी हे कधी सांगितलं नाही.

आणि एक नियम होता, तो माझा नव्हता. मला शिकवणारे जे जुने राउंड ऑफिसर होते त्यांनी पहिल्याच आठवड्यात सांगितला होता, आणि जंगलातले सगळे जुने लोक तो पाळायचे. लाईनवर असलेल्या माणसाला घरची वाईट खबर सांगायची नाही. कोणाचा बाप आजारी असो, कोणाच्या घरी भांडण असो, लाईन संपेपर्यंत ज्याला कळलं त्याने पोटात ठेवायचं. एका गार्डला म्हणे कोणीतरी सकाळी सकाळी घरचं काही सांगितलं, आणि तो तसाच चालत लाईन सोडून गेला. नाल्यात पाय मोडून पडलेला सापडला तेव्हा ऊन कलतीला आलं होतं. मन जाग्यावर नसलेला माणूस जंगलात अर्धा मेलेलाच असतो, असं ते ऑफिसर म्हणायचे. मला हा नियम अगदी पटला होता. किती शहाणी माणसं आहेत, असंही वाटलं होतं.

तीन वर्षांपूर्वीची गणती. चौथा दिवस, दुपारचे चार. मामाजी पाणी आणायला नाल्यावर गेले होते. मी रिपोर्ट दिला, सगळं ठीक म्हटलं. कंट्रोलवाला ठीक म्हणाला नाही. त्याने आधी विचारलं की मामाजी जवळ आहेत का. नाहीत म्हटल्यावर तो म्हणाला, त्यांच्या बायकोची तबियत एकदम खराब झाली आहे, गोंदियाला मोठ्या दवाखान्यात नेलं आहे, मुलगी सोबत आहे, ती म्हणते बाबांना पाठवा. मग थोडा थांबून म्हणाला, "देखो मॅडम, लाईन चालू है. आप समझ लो."

मी समजले म्हटलं आणि सेट ठेवून दिला. मामाजी दोन्ही हातांत कॅन घेऊन चढून येताना दिसत होते. तेवढ्या वेळात माझा निर्णय झाला होता. चार दिवस तर राहिले आहेत. दवाखान्यात डॉक्टर आहेत, हे जाऊन काय करणार. बारा किलोमीटर चालत जातील, डोकं ठिकाणावर नसेल, वाटेत काही झालं तर. त्यांच्या जागी दुसरा माणूस कोण देणार. कारणांना तोटा नव्हता. आणि वर नियम होताच.

खरं कारण मी तेव्हा स्वतःलाही सांगितलं नाही, आता सांगते. ते गेले असते तर मी एकटी राहिले असते. वर्षभर एकटी राहणाऱ्या बाईला चार दिवसांची काय भीती, असं कोणी म्हणेल. पण वर्षभर मी त्या आठ दिवसांची वाट बघायचे. कोणीतरी चूल पेटवतं आहे, कोणीतरी खोकतं आहे, कोणीतरी मी वेणी घातली नाही हे बघतं आहे, एवढंच मला हवं असायचं. ते चार दिवस मला सोडवत नव्हते.

त्या संध्याकाळी मामाजींनी लाखोळीची डाळ शिजवली. एरवी जेवताना ते बोलत नसत, पण त्या दिवशी त्यांना बोलावंसं वाटलं. डाळीत बायको काय घालते ते त्यांनी सांगितलं, आणि आपल्याला ते कधी जमत नाही हेही. गणती झाली की महाशिवरात्रीला तिला आमच्याकडच्या प्रतापगडला, महादेवाच्या यात्रेला न्यायचं आहे, दोन वर्षं झाली ती मागे लागली आहे, दर वेळी काम निघतं. मी हो हो म्हणत राहिले. मध्येच दोनदा पाणी प्याले. डाळ तिखट झाली का, त्यांनी विचारलं. मी हो म्हटलं. डाळीत तिखट जवळजवळ नव्हतंच.

पाचव्या दिवशी लाईनवर निघालो तर मला त्यांच्या पाठीशिवाय काही दिसेना. खाकी शर्ट, खांद्यापाशी ठिगळ, वेगळ्या रंगाच्या दोऱ्याने घातलेलं. हे ठिगळ तिनेच लावलं असणार. ती आता कशी असेल. शुद्धीत असेल का. त्यांची काठी मांडीवर आपटली आणि मी दचकले. ते बोट दाखवत होते. मी तिकडे बघितलं, मला काही दिसलं नाही, तरी मान हलवली. त्यांनी चार बोटं दाखवली, मी चार लिहिलं. कसली चार हे मला नाल्यावर त्यांना विचारावं लागलं. चितळं. नोकरीत पहिल्यांदाच मी न बघितलेलं लिहिलं होतं, आणि लाजही वाटली नाही.

दुपारी चारला सेटवर मी मुद्दाम बाहेर जाऊन बोलले. कंट्रोलवाल्याने विचारलं, सांगितलं का. मी म्हटलं, लाईन चालू आहे. तो म्हणाला, तब्येत तशीच आहे. तशीच म्हणजे कशी हे मी विचारलं नाही. परत आले तर मामाजी उंबऱ्याशी बसून काठीला तेल लावत होते. माझ्याकडे बघून त्यांनी विचारलं, वेणी नाही घातली आज. मी त्यांच्यावर खेकसले, की तुम्ही तुमचं काम बघा. त्यांनी मान खाली घातली आणि तेल लावत राहिले. मी आत गेले आणि भिंतीकडे तोंड करून रडले. नियम पाळताना माणूस असा एकटा पडतो हे त्या राउंड ऑफिसरांनी सांगितलं नव्हतं.

सहाव्या सकाळी धुकं होतं. पट्टे दिसायला वेळ लागत होता. लाईनच्या मधोमध एक मोठं वारूळ आहे, ते मला पाठ होतं. त्याच्या थोडं अलीकडे मामाजी थांबले, हात वर केला. मी थांबले नाही. मी त्यांच्या बाजूने पुढे निघाले, चालतच राहिले, कारण मी तिथे नव्हतेच, मी गोंदियाच्या दवाखान्यात त्या बाईच्या खाटेपाशी उभी होते, जिला मी जन्मात दोनदा बघितलं होतं. त्यांनी माझी परवाची विसकटलेली वेणी धरून मला मागे खेचलं. बाईमाणसाला मामाजी हात लावतील असं कोणी सांगितलं असतं तर मी हसले असते. वारुळामागून अस्वलीण उठली. पाठीवर पिल्लू होतं, एकाच वेळी दोन डोकी वर झाल्यासारखी दिसली. मामाजींनी काठी आडवी धरली आणि मला मागे घालून एकेक पाऊल मागे सरकत गेले. तिने फुत्कारल्यासारखा आवाज केला, दोन पावलं आली, थांबली. मग वळून धुक्यात गेली. आम्ही बरेच मागे येऊन एका ऐनाखाली टेकलो.

मामाजी रागावलेले मी कधी बघितले नव्हते. तेव्हाही आवाज चढला नाही.

"डोरे उघडे आहेत मॅडम, पण तुमी पाहून नाई राहिल्या. दोन दिवस झाले. काय होऊन राहिलं तुमाले?"

मी सांगितलं. मामीची तब्येत बिघडली आहे, गोंदियाला नेलं आहे, परवा दुपारी खबर आली. जसं सुचलं तसं बोलले, त्यांच्याकडे न बघता.

"परवा," ते म्हणाले. मग विचारलं, "काऊन नाई सांगतलं?"

"लाईनवर खबर सांगत नाहीत, मामाजी."

वाक्य तोंडातून गेलं आणि मला स्वतःचीच किळस आली. ते मात्र मान हलवत राहिले, थोडा वेळ. मला तेव्हा कळलं की हा नियम त्यांना माझ्या आधीपासून ठाऊक होता, बहुतेक त्यांनी तो कोणाकोणाच्या बाबतीत पाळलाही असेल. ते उठले, पाण्याची बाटली माझ्याजवळ ठेवली, काठी पण ठेवली.

"एकट्या लाईन नका करजा. सीधे कुटीवर जा."

आणि ते लाईन सोडून आडवे, झाडांमधून, बसच्या रस्त्याच्या दिशेने निघाले. धावत नव्हते. धुक्यात ठिगळ थोडा वेळ दिसलं.

मी कुटीवर आले, सेटवर खरं काय ते सांगितलं. दुसरा माणूस उद्या दुपारपर्यंत येईल असं कळलं. मग मी होते आणि खोली होती. चूल मी पेटवली नाही. पाय धुतले, तेल लावलं, वेणी घातली, सोडली, पुन्हा घातली. विहारातलं आठवून डोळे मिटून बसले. श्वास येत होता, जात होता, त्याने मला काही सांगितलं नाही. चारला रिपोर्ट देताना मी विचारलं की पोचले का, तर कंट्रोलवाला म्हणाला माहीत नाही. इतक्या वर्षांत त्या कुटीत मला एकटेपणाची भीती वाटली नव्हती. त्या दिवशी वाटली, आणि ती जनावरांची नव्हती.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी एकटीनेच लाईन केली. ते चुकीचं होतं, नंतर त्यासाठी बोलणी खाल्ली, ती योग्यच होती. पण खोलीत बसवत नव्हतं. गंमत अशी की त्या सकाळी मला सगळं दिसलं. चितळं दिसली, दूर एक एकांडा गवा दिसला, धावड्यावर बसलेलं घुबडसुद्धा दिसलं, जे लिहायचं नसतं. डोकं काचेसारखं स्वच्छ होतं. पोटात ठेवायला काही उरलं नव्हतं ना.

मामी चार दिवसांनी गेली. मी त्यांच्या गावी भेटायला गेले तेव्हा मामाजी अंगणात माणसांत बसले होते. त्यांनी बसा म्हटलं, चहा सांगितला. चहा त्यांच्या मुलीने आणून दिला. तिला मी कोण हे माहीत होतं. ती माझ्याजवळ बसली आणि सगळं सांगत गेली, तिच्या मनात माझ्याविषयी काही नव्हतं, तिला फक्त बोलायचं होतं. आई पहिले दोन दिवस चांगली बोलत होती म्हणाली. बाबा आले का, इतकंच विचारत होती, दर थोड्या वेळाने. जंगलातून यायला वेळ लागतो असं ती आईला सांगत होती. मग एका सकाळी तिचं बोलणं बंद झालं, ते बंदच राहिलं. बाबा पोचले ते त्याच दुपारी.

मी मनात हिशेब केला. एकदा केला, पुन्हा केला, कुठे चुकतो आहे का बघायला. चुकत नव्हता. मी म्हटलं, मला निघायला हवं, बस चुकेल. चहा तसाच राहिला.

मामाजी मला त्यावर कधी काही बोलले नाहीत. साहेबांकडे तक्रार नाही, टोमणा नाही. माझी बदली झाली असती तर बरं झालं असतं, ती झाली नाही. पुढच्या हिवाळ्यात गणतीला साहेबांनी पुन्हा त्यांचंच नाव टाकलं. ते आले. चूल पेटवली, पाणी आणलं. मला वाटलं, झालं ते झालं, माणूस मोठ्या मनाचा आहे. मी त्यांना म्हटलंही, की मामाजी, मागच्या वेळचं माझं चुकलं. ते म्हणाले, जेवून घ्या मॅडम, भात निवून राहिला.

दुसऱ्या दिवशी उजाडताना आम्ही लाईनच्या तोंडाशी पोचलो. एरवी ते सरळ चालायला लागायचे. त्या दिवशी ते थांबले, माझ्याकडे वळले.

"मॅडम, काई खबर असन तं आताच सांगा."

मी म्हटलं, काही नाही मामाजी. ते माझ्या तोंडाकडे बघत राहिले, ठशाकडे बघतात तसे. मग चालायला लागले.

आता तीन हिवाळे झाले. आठ दिवस, रोज सकाळी, लाईनच्या तोंडाशी ते थांबतात आणि हेच विचारतात. मी काही नाही म्हणते. खरंच काही नसतं, कंट्रोलवाल्याला मी आधी दोनदा विचारून घेतलेलं असतं. तरी ते लगेच पाऊल उचलत नाहीत. मी खरं बोलते आहे की नाही, हे बघायला त्यांना थोडा वेळ लागतो, आणि तेवढा वेळ मी तिथे उभी राहते.